नवं-जुनं

मार्च महिना लागला की आमच्या शाखेत एक शब्द दिवसातून पन्नासदा कानावर पडायचा. नवं-जुनं. थकायला आलेलं कर्ज कागदावर फिटलेलं दाखवायचं, त्याच दिवशी त्याच माणसाला नवं कर्ज मंजूर करायचं आणि नव्यातून जुनं मिटवायचं. नोटा तिजोरीतून हलत नाहीत. तारीख तेवढी बदलते, व्याज गुपचूप मुद्दलात जाऊन बसतं, आणि कर्जदारापासून शाखाधिकाऱ्यांपर्यंत सगळे संध्याकाळी घरी जायला मोकळे होतात. एका नागरी सहकारी बँकेच्या कर्ज विभागात मी सत्तावीस वर्षं काढली. किती खाती नवी-जुनी केली याचा हिशेब देव ठेवत असेल तर ठेवो, मी ठेवलेला नाही.

या प्रकाराचं सगळ्यात चोख वर्णन मला सापडलं ते एका फ्रेंच कादंबरीत. ते सापडायला मला तीस वर्षं लागली, कारण पहिल्या वाचनात मी नेमकी तीच पानं उलटून पुढे गेले होते.

फ्लोबेरची 'मादाम बोव्हारी' मी पहिल्यांदा वाचली तेव्हा विशीची होते, कॉलेजात होते आणि अर्थातच तिची नायिका एमा होते. नॉर्मंडीतल्या एका सुस्त गावात, रटाळ डॉक्टर नवऱ्याबरोबर अडकलेली, कादंबऱ्या वाचून वाचून आयुष्याकडून भलत्याच अपेक्षा करून बसलेली बाई. इंग्रजी भाषांतर होतं, अक्षर बारीक, शिवण उसवलेली. (फ्रेंच मला आजही येत नाही. बोंजूर म्हटलं की माझी फ्रेंच संपते.) मला घोडेस्वारी, पत्रं, बागेतल्या रात्रीच्या भेटी एवढंच हवं होतं. मधेमधे एक कापडवाला येऊन बिलं, हुंड्या, मुदती असलं काहीतरी बोलायचा. हा कशाला मधे येतो, असं वाटायचं. दुसऱ्यांदा वाचली ती निवृत्तीनंतर, हातात पेन्सिल घेऊन. सवय जात नाही. या वेळी त्या कापडवाल्याच्या प्रत्येक ओळीखाली रेघ पडत गेली, आणि पुस्तक संपेस्तोवर समास आकड्यांनी भरून गेला.

त्याचं नाव लेरू. फ्रेंचमध्ये या नावाचा अर्थ होतो सुखी, नशीबवान. फ्लोबेर विनोद करतो तो असा, चेहऱ्यावरची रेषही न हलवता. लेरू पहिल्यांदा एमाच्या दारात येतो तेव्हा त्याच्याकडे तीन स्कार्फ आहेत, सुया आहेत, गवती सपाता आहेत आणि कैद्यांनी नारळाच्या करवंटीवर कोरलेले अंडी ठेवायचे चार पेले आहेत. ती काही घेत नाही. तो जराही नाराज होत नाही. जाता जाता एवढंच सुचवतो की पैशांची काळजी नको, गरज पडली तर तोच देईल. मग सहज, अगदी सहज, गावातल्या कॅफेवाल्या तेलिएच्या तब्येतीची चौकशी करतो. तेलिए त्याचा कर्जदार आहे. चौकशी तब्येतीची नाही, तारणाची आहे. असा प्रश्न विचारणारे लोक मी टेबलाच्या पलीकडून पाहिले आहेत. खरं सांगायचं तर अलीकडूनही.

पुढे एमा एका जमीनदाराबरोबर पळून जायचं ठरवते. त्यासाठी लेरूकडे एक लांब झगा आणि प्रवासाची पेटी मागवते. जमीनदार ऐन वेळी पत्र पाठवून सटकतो. एमा अंथरूण धरते, जगते की मरते अशी अवस्था. त्या दिवसांत लेरू माल घेऊन दारात हजर. पेटी एक सांगितली होती, त्यानं दोन आणल्यात. नवरा, बिचारा चार्ल्स, बायकोच्या उशाशी बसून थकलेला, वाद घालायचं बळ नाही म्हणून सही करतो. बायकोनं ज्या सामानासह त्याला सोडून जायचं ठरवलं होतं, त्याच सामानाच्या कागदावर. आणि हाताशी आलाच आहे तर त्याच्याकडून वर्षाच्या बोलीनं आणखी हजार फ्रँक उसने घेतो. लेरू धावत जाऊन पैसे आणतो आणि वचनचिठ्ठी लिहून घेतो, १,०७० फ्रँकची. आधीचे १८० धरून बरोबर १,२५०.

इथे फ्लोबेर दोन-तीन वाक्यं लेरूच्या डोक्यात शिरून लिहितो. सहा टक्के व्याज, वर कमिशन, मालावरचा नफा वेगळा, वर्षाला १३० फ्रँक सुटतील. पण खरी आशा पुढची आहे. यांना मुदतीत पैसे देता येणार नाहीत, कागद नव्यानं लिहावे लागतील, आणि आपला गरीब बिचारा पैसा डॉक्टरच्या घरी, एखाद्या इस्पितळात राहावा तसा, खाऊनपिऊन धष्टपुष्ट होऊन एक दिवस परत येईल. मी पेन्सिल खाली ठेवली. समासात एकच शब्द लिहिला होता, आणि तो काय होता हे सांगायला नको.

आता एक गोष्ट सांगते. ती सांगितल्याशिवाय हा लेख लिहिण्यात अर्थ नाही.

आमच्या आण्णांचं पेठेत किराणा दुकान होतं. शाळा सुटली की वह्या लिहायला मी बसायची, कारण अक्षर माझं बरं होतं. रोजकीर्दीवरून खतावणी. पानाच्या डोक्यावर 'श्री', एका बाजूला जमा, एका बाजूला नावे, आणि पान भरलं की नव्या पानावर पहिली ओळ 'मागील पानावरून'. आण्णा व्याज घेत नसत, याचा त्यांना फार अभिमान होता. उधारीच्या मालाला किलोमागे चार-आठ आणे जास्त लावत, ते मात्र व्याजात धरत नसत. दारात आलेली बाई पैशांवाचून घुटमळली की ते हसून म्हणायचे, "असू द्या हो वहिनी, कुठं पळून चाललाय तुम्ही? होतील तेव्हा द्या." सगळी पेठ त्यांना देवमाणूस म्हणायची. मीही म्हणायची. एकदा एका घरातून तांब्याचा हंडा आला, दुकानाच्या मागच्या खोलीत उपडा ठेवला गेला, आणि पुढची कित्येक वर्षं आमच्या घरी त्यावर मिरच्यांची पाटी असायची. तो कुणाचा हे मला ठाऊक होतं. त्या घरातली मुलगी माझ्या वर्गात होती.

लेरू सावकारीही करतो, वस्तू गहाण ठेवून घेतो. एमा त्याच्या खोलीत जाते तेव्हा कळतं की त्याच्या तिजोरीत तिनं ठेवलेली सोन्याची साखळी आहे आणि त्या तेलिएची कानातली आहेत. तेलिएचा कॅफे गेलेला आहे. त्यानं शेजारच्या एका गावात किराणा मालाचं बारकं दुकान घातलंय आणि मेणबत्त्यांपेक्षा पिवळा चेहरा घेऊन तो तिथे खोकत बसलाय. फ्लोबेरला हे एका वाक्यात पुरतं. मला पुरलं नाही. मी पुस्तक मिटून स्वयंपाकघरात गेले, चहा टाकला आणि तो हंडा शेवटी कुठे गेला ते आठवत बसले. आठवलं नाही.

आण्णा लेरू नव्हते. ते कुणाच्या मरणावर टपलेले नव्हते, बुडीत गेलेली खाती त्यांनी हसत सोडून दिली. पण ते वाक्य तेच होतं. हसण्याची तऱ्हाही तीच असणार. जुन्या फ्रेंच कादंबऱ्यांनी मला धरून ठेवलं ते इथे. विशीत मी गल्ल्याच्या या बाजूला उभी होते, पन्नाशीनंतर त्या बाजूला सापडले, आणि दोन्हीकडे मला ओळखणारं कुणीतरी पुस्तकात आधीच बसलेलं होतं. आम्हाला शाळा-कॉलेजात साहित्य म्हणजे भावना असं शिकवलं गेलं. आकडा आला की ते हिशेबाचं पुस्तक. एकोणिसाव्या शतकातल्या फ्रेंच लेखकांना ही सोवळ्याओवळ्याची वाटणी मान्यच नव्हती.

बाल्झाकचंच घ्या. 'बाबा गोरिओ' ही १८३५ची कादंबरी. पॅरिसमधली एक कळकट खानावळवजा बोर्डिंग, त्यात राहणारा शेवयांचा निवृत्त व्यापारी गोरिओ. त्यानं दोन मुलींच्या थाटामाटापायी स्वतःला कसं संपवलं हे बाल्झाक त्याच्या भाड्यावरून सांगतो. आला तेव्हा चांगली खोली, वर्षाला १,२०० फ्रँक. दुसरं वर्ष सरता सरता वरच्या मजल्यावर, ९०० फ्रँक. मग आणखी वर, महिना ४५ फ्रँक. मजला चढत जातो तसा माणूस उतरत जातो. शेवटी त्याच्या अंत्ययात्रेला मुली येत नाहीत, त्यांच्या रिकाम्या घोडागाड्या येतात, दारांवर घराण्याची चिन्हं रंगवलेल्या. कबर खणणाऱ्यांना बक्षिसी द्यायची तर त्याच बोर्डिंगमध्ये राहणाऱ्या तरुण रास्तिन्याकच्या खिशात दमडी नाही. तो बोर्डिंगमधल्या नोकराकडून वीस सू उसने घेतो. (वीस सूंचा एक फ्रँक. सोळा आण्यांच्या रुपयात वाढलेल्या आपल्या आजी-आजोबांना हे समजावून सांगावं लागलं नसतं.) बापाच्या मरणावर पानंच्या पानं लिहिणारा बाल्झाकही शेवटाला त्या वीस सूंपाशी येऊन थांबतो. माझा घसा दाटला तो तिथेच.

बाल्झाकला हे सगळं पाठ असायचं कारण साधं होतं. तो स्वतः गळ्यापर्यंत बुडालेला होता. तरुणपणी छापखाना काढला, मग अक्षरांचे खिळे ओतायचा कारखाना, आणि १८२८मध्ये बाहेर पडला तो सुमारे साठ हजार फ्रँकचं देणं घेऊन. त्यातले बरेचसे आईचे. पॅरिसच्या पासी भागात १८४०पासून तो ज्या घरात राहिला ते आज संग्रहालय आहे. तिथे तो खोट्या नावानं राहायचा, आणि घराला मागल्या गल्लीत उघडणारं दुसरं दार होतं. पुढच्या दाराशी घेणेकरी आला की मागच्यानं पसार. कॉफीवर कॉफी पिऊन रात्रभर लिहायचं, छपाईची प्रुफं आली की त्यांवर इतक्या दुरुस्त्या करायच्या की नव्यानं जुळणी करावी लागायची, आणि तो वाढीव खर्चही पुन्हा अंगावर. मार्क्सचा सहकारी एंगल्स यानं १८८८मधल्या एका पत्रात म्हटलंय की त्या काळातल्या इतिहासकार, अर्थशास्त्रज्ञ आणि आकडेशास्त्रज्ञांकडून शिकलो त्याहून जास्त बाल्झाककडून शिकलो. आमच्या बँकेतल्या नव्या मुलांना पतपुरवठ्याच्या प्रशिक्षणात 'बाबा गोरिओ' वाचायला द्यावी असं मला अनेकदा वाटलं. एकदा बोलूनही दाखवलं. त्यानंतर मला प्रशिक्षणाला पाठवणंच बंद झालं.

या लेखकांना आकडा इतक्या विश्वासानं लिहिता आला याचं एक कारण त्यांच्या खिशातलं नाणंही असावं. १८०३मध्ये ठरलेलं फ्रँकचं सोन्यातलं मोल पहिल्या महायुद्धापर्यंत टिकलं. वर्षाला हजार फ्रँक म्हणजे कसलं जगणं आणि वीस हजार म्हणजे कसलं, हे आजोबाला कळत होतं तसंच नातवालाही. तोमा पिकेती या फ्रेंच अर्थतज्ज्ञानं आपल्या भांडवलावरच्या जाडजूड ग्रंथात बाल्झाकची पात्रं साक्षीला आणली आहेत, आणि विसाव्या शतकात महागाईनं पैशाचा अर्थ असा पातळ केल्यावर कादंबऱ्यांतून आकडे दिसेनासे झाले असंही निरीक्षण नोंदवलंय. पटण्यासारखं आहे. आजच्या मराठी कथेत एखादीचा पगार आकड्यात लिहिला तर पाच वर्षांत तो विनोदी वाटायला लागेल.

मोपासाँच्या 'हार' या कथेबद्दल नवीन काय सांगणार? ती १८८४ची, आणि आपल्याकडे कितीतरी जणांनी इंग्रजीच्या पाठ्यपुस्तकात वाचलेली. कारकुनाची बायको मातिल्द एका मेजवानीसाठी मैत्रिणीचा हिऱ्यांचा हार मागून नेते, तो हरवतो. ४०,००० सांगितलेला तसाच हार ३६,०००ला ठरतो. १८,००० नवऱ्याला वडिलांकडून आलेले, बाकीचे उसने. याच्याकडून हजार, त्याच्याकडून पाचशे, इथून पाच लुई (वीस फ्रँकची सोन्याची नाणी), तिथून तीन. दहा वर्षं नवरा-बायको ते फेडतात आणि दहा वर्षांनी कळतं की मूळ हार खोटा होता, फार तर ५०० फ्रँकचा. शाळेत बाईंनी विचारलं होतं, या कथेचं तात्पर्य काय? आम्ही लिहिलं, 'बडेजाव करू नये.' सगळ्यांना दहापैकी सात.

सोनेतारणाच्या खिडकीशी बसायला लागल्यावर ती कथा बदलली. एका दुपारी एक बाई पाटल्या घेऊन आली. मुलाच्या फीचा शेवटचा दिवस होता. आमच्या सराफांनी पाटली कसाला लावली, पुन्हा लावली, माझ्याकडे पाहिलं आणि मान हलवली. लग्नात सासरकडून घातलेल्या पाटल्या. अकरा वर्षं हातात होत्या. दागिना खोटा आहे हे सांगायचं काम सराफांचं नसतं, ते आमचं. मी सांगितलं. ती रडेल, ओरडेल, सराफांवर आरोप करेल, या सगळ्याची तयारी ठेवली होती. तिनं पाटल्या उचलल्या, एकेक करून पुन्हा हातात चढवल्या, पदर सारखा केला आणि विचारलं, "फी भरायची वेळ पाचपर्यंत असते ना?" मोपासाँ कथा थांबवतो ती मैत्रिणीच्या शेवटच्या वाक्यावर. त्यानंतर मातिल्द घरी कशी गेली असेल, हे मला त्या दिवसापासून दिसतं. पाठ्यपुस्तकात कुठे नसतं की मोपासाँ स्वतः बरीच वर्षं सरकारी कारकून होता, आधी नौदलाच्या खात्यात, मग शिक्षण खात्यात. मातिल्दचा नवरा शिक्षण खात्यातच कारकून आहे. त्यानं बंदुकीसाठी बाजूला टाकलेले ४०० फ्रँक बायकोच्या झग्याला दिले, ही ओळ त्याशिवाय इतकी सहज आली नसती.

ह्यूगोशी माझं तितकंसं जमत नाही. तो फार बोलतो, मधेच पॅरिसच्या गटारांवर प्रकरणं लिहितो, आणि आपण रडावं म्हणून आपल्याआधी रडायला लागतो. पण 'ले मिझेराब्ल'मध्ये झाँ व्हालझाँ एकोणीस वर्षांनी तुरुंगातून सुटतो तेव्हा त्याच्या हातावर १०९ फ्रँक १५ सू ठेवले जातात, कापाकापी करून. आपल्याला जास्त मिळायला हवे होते हे त्याच्या मनात घोळत असतं, आणि आसरा देणाऱ्या बिशपचे चांदीचे काटे-चमचे चोरण्याआधी तो पडल्या पडल्या हिशेब करतो की यांचे २०० तरी येतील, एकोणीस वर्षांच्या कमाईच्या दुप्पट. चोरी नंतर होते, त्रैराशिक आधी. एवढ्यासाठी मी ह्यूगोला गटारं माफ करते.

परत एमाकडे. तिची कादंबरी १८५६मध्ये पॅरिसच्या एका नियतकालिकातून क्रमशः आली आणि १८५७च्या जानेवारीत फ्लोबेर कोर्टात उभा राहिला. आरोप होता सार्वजनिक आणि धार्मिक नीतीला धक्का पोचवल्याचा. फेब्रुवारीत तो सुटला. बग्गीतला व्यभिचार, मरणोन्मुख बाईला दिलेला धार्मिक विधी, यांवर खल झाला. लेरूवर कुणी आक्षेप घेतला नाही. तो कायद्यानं चालणारा माणूस.

एमाला लेरू मुखत्यारपत्र सुचवतो, म्हणजे नवऱ्याला प्रत्येक कागदासाठी त्रास नको. आणि चार्ल्स ते देतो! आपल्या 'संशयकल्लोळ'मधल्या फाल्गुनरावाच्या नेमका उलट माणूस. फाल्गुनरावाला तसबिरीतही प्रियकर दिसतो, याला दारातून जाणारा दिसत नाही. (देवलांच्या त्या नाटकाची वंशावळ इंग्रजी नाटकातून मोलिएरपर्यंत जाते, म्हणजे फ्रेंच वाङ्मय आमच्या आजोबांच्या पिढीकडे नाट्यपदं गात आलं आणि माझ्याकडे जप्तीची नोटीस घेऊन.) नोटीस येते ती ८,००० फ्रँकची, मुदत चोवीस तास. त्या दिवसाची पळापळ मी तीनदा वाचली. रुआँ शहरातून हात हलवत परतताना वाटेतल्या आंधळ्या भिकाऱ्याला ती पाच फ्रँकचं नाणं फेकते. तेवढंच तिच्याकडे उरलेलं असतं. अशी माणसं मी पाहिली आहेत, जप्तीच्या आदल्या दिवशी रिक्षावाल्याला 'राहू दे सुट्टे' म्हणणारी. वकील पैशांच्या बदल्यात भलतंच मागतो, तेव्हा ती म्हणते की माझी कीव करा, पण मी विकाऊ नाही. आणि मग त्या जुन्या जमीनदाराकडेच जाते, ३,००० फ्रँक मागायला. तो म्हणतो, नाहीत. त्यानंतर औषधवाल्याच्या खोलीतलं आर्सेनिक.

ते ३,००० माझ्या डोक्यातून जात नाहीत. कारण १८७५मध्ये भाचीच्या नवऱ्याचा लाकडाचा धंदा बुडाला, तेव्हा त्याला दिवाळखोरीतून वाचवायला फ्लोबेरनं दोव्हिलची शेतजमीन विकली आणि स्वतः कफल्लक झाला. लेरूची नस न् नस ओळखणारा हा माणूस घरच्यांच्या कर्जात बुडाला. अखेर १८७९मध्ये मित्रांच्या खटपटीनं सरकारकडून त्याला एका ग्रंथालयातलं नावापुरतं पद आणि वार्षिक मानधन मिळालं, आणि ते त्यानं शरमेनं मान खाली घालून घेतलं. रक्कम, ३,००० फ्रँक. वर्षभरात तो गेला.

आमच्या वसुली खात्यातले एक साहेब होते. सहकार कायद्याच्या कलम १०१चे, म्हणजे थकीत कर्जाच्या वसुलीचे, दाखले त्यांना तोंडपाठ. तेही आता निवृत्त आहेत, सकाळी नदीकाठी फिरायला भेटतात. कादंबऱ्या त्यांनी आयुष्यात वाचल्या नाहीत. मागच्या आठवड्यात घाटाच्या तीन फेऱ्यांत मी त्यांना एमाची गोष्ट सांगितली. प्रेमप्रकरणं त्यांनी "बरं, बरं" म्हणत ऐकली. लेरू आल्यावर चाल मंदावली.

"जामीनदार कोण?"

"कुणी नाही."

"तारण?"

"घरातलं सामान. नंतर मुखत्यारपत्रावर जमीन विकायला लावली."

"नवं-जुनं किती वेळा केलं?"

"मोजता येत नाही. मी प्रयत्न केला."

ते थांबले. "मग? बाई गेली, पुढं?"

"पुढं नवराही गेला. सगळं विकलं. देणी भागवून १२ फ्रँक ७५ सेंटीम उरले. मुलगी होती लहान, तिला आजीकडे पाठवायच्या गाडीभाड्याला ते दिले. मग आजीही गेली, आणि मुलगी सूतगिरणीत लागली कामाला."

साहेब बराच वेळ नदीकडे बघत राहिले. मला वाटलं, मुलीबद्दल काहीतरी म्हणतील.

"तेवढी शिल्लक परत केली म्हणजे नेकीनंच केलं म्हणायचं," ते म्हणाले. "आपल्याकडं तीसुद्धा लिलावखर्चात गेली असती."